डावा हात वर

सभागृहाच्या दाराशेजारी पोस्टर लागलं होतं आणि त्याच्यापासून चार पावलांवर मी मोबाइल वाचत असल्याचं सोंग घेऊन उभी होते. खोटं कशाला सांगू, कौतुक ऐकायला उभी होते. आपलं चित्र लोक कसं बघतात ते लपून बघणं हा आमच्या धंद्यातला एक चोरटा आनंद आहे. वाजवणाऱ्याला टाळी तिथल्या तिथे मिळते, चित्र काढणाऱ्याला अशी आडोशाला उभं राहून वाट बघावी लागते.

चौघांचा जॅझ बँड. क्लॅरिनेट, पियानो, डबल बेस, ड्रम्स. क्लॅरिनेटवाले साठीच्या पुढचे, गोल पोटाचे, आणि वाजवताना त्यांच्या भुवया इतक्या चढतात की आता कपाळ सोडून जातात की काय असं वाटावं. मी त्या खरोखरच कपाळाबाहेर काढल्या होत्या, केसांच्याही वर, हवेत. पोट दुप्पट, पाय काडीसारखे, आणि क्लॅरिनेट रबरी नळीसारखं वळत वळत जाऊन डबल बेसवाल्याच्या नाकाखाली उघडलेलं. मला चित्र आवडलं होतं. क्लॅरिनेटवाले आले, हातातली छोटी पेटी खाली ठेवली आणि पोस्टरसमोर उभे राहिले. हसले. भुवयांकडे बोट दाखवून पुन्हा हसले. मग दोन्ही हात छातीसमोर धरले, वाद्य हातात असल्यासारखे. डावा वर, उजवा खाली. पोस्टरकडे पाहिलं. हात बदलले. उजवा वर, डावा खाली. त्या उलट्या पकडीत बोटं जराशी हलवून पाहिली, दुसऱ्याचा चश्मा लावून बघावा तशी. पुन्हा हात सरळ केले. तेवढ्यात त्यांना मी दिसले. "छान झालंय गं," म्हणाले, पेटी उचलली आणि आत गेले.

मला कळायला पहिली रचना अर्धी संपावी लागली. अंधारात बसून मी नेहमीसारखी वहीत रेघोट्या मारत होते आणि पेन्सिल त्यांच्या हातांपाशी येऊन थबकली. डावा वर, उजवा खाली. क्लॅरिनेट असंच धरतात, माणूस डावखुरा असला तरी, कारण चाव्याच तशा बसवलेल्या असतात. आणि बाहेर भिंतीवर माझा क्लॅरिनेटवाला उजवा हात वर घेऊन, डोळे मिटून, तल्लीन होऊन काहीतरी अशक्य वाजवत होता.

चूक कशी झाली ते घरी गेल्यावर पाच मिनिटांत सापडलं. छपाईला द्यायच्या रात्री कार्यक्रमाच्या नावाला डावीकडे जागा हवी होती, म्हणून मी अख्खं चित्र संगणकावर आरशासारखं उलटवलं. एक कळ दाबली, काम झालं. त्या एका कळीने अख्खा बँड डावखुरा झाला. डबल बेसवाला डाव्या हाताने तारा छेडायला लागला. ग्रँड पियानोचं झाकण वादकाच्या उजव्या हाताला उघडतं, माझं डाव्या हाताला उघडलं. पट्ट्या मात्र वाचल्या. काळ्या पट्ट्या दोन-तीन, दोन-तीन अशा असतात आणि आरशातही त्या दोन-तीन, दोन-तीनच दिसतात, त्यामुळे तिथे मला कुणी पकडू शकलं नसतं. बाकी कुणी कशालाच पकडलं नाही म्हणा. पियानोवाल्याने तर दोन प्रती मागून घेतल्या. क्लॅरिनेटवाल्यांनी पाहिलं आणि तेही बोलले नाहीत.

माझी चूक दिसल्यावर त्यांनी आधी स्वतःचे हात तपासले, हे मला जास्त लागलं.

गेले कित्येक दिवस मी याच एका गोष्टीभोवती घुटमळते आहे. भुवया हवेत उडवल्या तर चालतं. पोट दुप्पट केलं तर चालतं, उलट ते पोट घेऊन माणूस आनंदाने फोटो काढून घेतो. मग हात बदलले तर काय बिघडलं? अर्कचित्र म्हणजे शेवटी खोटंच की. जिम फ्लोरा नावाचा चित्रकार 1940 आणि 50च्या दशकांत कोलंबिया आणि नंतर आरसीए व्हिक्टर या कंपन्यांसाठी जॅझच्या रेकॉर्डांची वेष्टनं काढायचा. त्याच्या वादकांना कधी तीन पाय असत, कधी जास्तीचे हात, अंगावर ठिपके नि चट्टेपट्टे, चेहरे हिरवे-गुलाबी. त्या चित्रातलं कुठलंही शरीर दवाखान्यात नेलं तर डॉक्टर पळून जाईल. पण ड्रम्स वाजवणाऱ्या माणसाला चार हात दिले की ऐकणाऱ्याला वाटतं, बरोबर, आपल्याला असंच ऐकू आलं होतं. त्याच्याही आधी, 1865 मध्ये, विल्हेल्म बुश या जर्मन व्यंगचित्रकाराने एका पियानोवादकाची चित्रमालिका काढली होती. समोर श्रोता एकच. सुरुवातीला सगळं सभ्य. मग वादकाचा हात लांबतो, बोटं वेटोळी घेतात, आणि शेवटच्या झंझावाती भागात तर नुसता बोटांचा आणि डोक्यांचा चिवडा होतो. सिनेमा जन्मायला अजून तीस वर्षं होती आणि या माणसाने वेग कागदावर आणला होता. ही सगळी अतिशयोक्ती कानाशी इमान राखून केलेली आहे. माझे उलटे हात कुठल्या कानाने ऐकले होते? कुठल्याच नाही. ती माझी बेफिकिरी होती, आणि मी तिला शैलीच्या पदराखाली लपवू पाहत होते.

वादकांच्या हातांना आणि तोंडांना चरित्र असतं, हे मला माहीत नव्हतं असंही नाही. जँगो राइनहार्टचा डावा हात 1928 च्या आगीत भाजला, अनामिका आणि करंगळी जवळजवळ निकामी झाल्या, आणि पुढे त्या गिटारवरच्या विजेसारख्या ताना त्याने मुख्यतः दोन बोटांवर घेतल्या. त्याचं अर्कचित्र काढताना चारही बोटं तारांवर धावताना दाखवली तर चित्र देखणं होईल आणि जँगो त्यातून निघून जाईल. पॉल मॅकार्टनीचा बेस डावखुरा असतो. फोटो उलटा छापलाय असं समजून कुणा हुशार माणसाने तो "दुरुस्त" केला तर बीटल्सचा जुना श्रोता चित्र लांबूनच नाकारेल. आणि डिझी गिलेस्पी? त्याच्या गालांचे फुगे ट्रम्पेटच्या कुठल्याही शिक्षकाने हातावर छडी मारून थांबवले असते. त्यात 1953 मध्ये एका पार्टीत कुणीतरी त्याच्या ट्रम्पेटवर पडलं, भोंगा वरच्या दिशेला वाकला, त्याला तो आवाज आवडला आणि पुढे त्याने तसेच वाकडे ट्रम्पेट बनवून घेतले. डिझीचं अर्कचित्र काढणं महाकठीण, कारण वाढवायला काही शिल्लकच ठेवलेलं नाही. मी तीनदा प्रयत्न केला. तिन्ही वेळा चित्र फोटोपेक्षा मवाळ झालं.

लहानपणी मला काही महिने व्हायोलिनच्या शिकवणीला घातलं होतं. मास्तर वाजवून दाखवायचे आणि मी त्यांचं मनगट बघत राहायचे. गज खाली येताना मनगट आधी झुकतं, मग बोटं, मग गज, जणू तिघं एकमेकांना जिन्यावरून खाली सोडताहेत. वहीच्या मागच्या पानांवर मनगटंच मनगटं. एके दिवशी मास्तर वैतागून म्हणाले, "तू माझ्या हाताकडे बघतेस, ऐकत कुठे असतेस?" शिकवणी सुटली. त्या वाक्याचा मला पुढे बराच काळ अभिमान वाटला, खरं तर. गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांच्या जगात मी शिरले ती हात बघणारी मुलगी म्हणून, आणि ओळख करून देतानाही मी ते वाक्य सांगते, लोक हसतात. आता सांगताना जीभ जड होईल.

पहिलं काम मित्रांच्या बँडचं. झेरॉक्सवर काढायची पत्रकं, कार्यक्रमाच्या आठवडाभर आधी. झेरॉक्सने मला जे शिकवलं ते कुठल्या वर्गात शिकले नसते. राखाडी रंग त्याला कळत नाही. पेन्सिलची नाजूक छाया एकतर गायब होते किंवा काळा डाग होऊन बसते. मग मी राखाडी सोडून दिला. काळं नाहीतर पांढरं, मध्ये काही नाही, आणि रेघ अशी की प्रतीची प्रत काढली तरी उभी राहावी. पुढे कळलं की हाच रस्ता माझ्याआधी कितीजण चालून गेले होते. रेमंड पेटिबॉनने भावाच्या ब्लॅक फ्लॅग या पंक बँडसाठी अशीच काळीपांढरी पत्रकं काढली आणि चार काळ्या उभ्या पट्ट्यांचं त्यांचं चिन्हही. चार पट्ट्या. लोकांनी त्या अंगावर गोंदवून घेतल्या. मला ते चिन्ह नेहमी मत्सर वाटायला लावतं. आम्ही भुवयांचा एकेक केस काढत बसतो आणि कुणीतरी चार पट्ट्यांत अख्खा गोंगाट बांधून मोकळा होतो.

बँडांसाठी चित्र काढण्यातली खरी अडचण संगीताची नसतेच, माणसांची असते. चित्र पूर्ण होतं आणि बँड फुटतो. छपाईच्या आदल्या दिवशी नाव बदलतं. एकदा एका बँडच्या पहिल्या अल्बमचं वेष्टन काढून झालं, पाच जण, सगळे खूश, आणि दोन दिवसांनी फोन आला की गिटारवाला आता आपल्यात नाही. "म्हणजे?" मी घाबरून विचारलं. म्हणजे भांडून गेला होता. त्याच्या जागी मी कुंडीतलं झाड काढलं, त्याच उंचीचं, जरा वाकलेलं, कारण तो तसाच उभा राहायचा. बाकीचे चौघं ते झाड बघून इतके गप्प झाले की मला वाटलं, हे परत करणार. नाही केलं. महिन्याभराने गिटारवाला परत आला आणि झाड तसंच राहिलं. त्यांचे श्रोते त्या झाडाचा अर्थ काय यावर वाद घालतात म्हणे. मी कधी बोलले नाही.

आणि पैसे. वादकाला मिळते ती बिदागी, लेखकाला मिळतं ते मानधन, आणि आम्हाला मिळतं "तुझं नाव होईल बघ". रॉबर्ट क्रम्बने 1968 मध्ये जॅनिस जॉप्लिनच्या बँडसाठी जे वेष्टन काढलं, एकेका गाण्याला एकेक चौकट देऊन, ते मुळात मागच्या बाजूसाठी होतं. बँडला ते इतकं आवडलं की पुढे आलं. त्याचे त्याला 600 डॉलर मिळाले, आणि रेकॉर्ड किती खपली ते सगळ्यांना माहीत आहे. क्लाउस फोरमनने 1966 मध्ये बीटल्सच्या 'रिव्हॉल्व्हर'चं वेष्टन काढलं, ते मानधनही तो सांगतो तेव्हा ऐकणाऱ्यालाच लाजल्यासारखं होतं. नायजेरियातल्या लागोसमध्ये लेमी घारिओक्वू नावाच्या कोवळ्या पोराने 1974 मध्ये तिथला गायक-वादक फेला कुटीचं चित्र काढलं. फेला पैसे देऊ लागला, पोराने घेतले नाहीत, तेव्हा फेलाने त्याला कुठल्याही कार्यक्रमाला फुकट सोडावं अशी चिठ्ठी लिहून दिली. पुढे त्याने फेलाची वीसहून जास्त वेष्टनं काढली. ही गोष्ट वाचून मी हेलावते आणि लगेच चिडतेही. चिठ्ठी मलाही हवी होती. पण घरभाडं चिठ्ठीवर भरता येत नाही, आणि "पैसे नकोत" म्हणणाऱ्या प्रत्येक पोरामुळे पुढच्या पोराला तेच ऐकावं लागतं. पण तीच चिठ्ठी मला कुणी आज दिली तर मी घडी घालून पाकिटात ठेवीन, हेही मला ठाऊक आहे.

पेड्रो बेलचं मला नेहमी वाईट वाटतं. शिकागोचा हा माणूस फंकाडेलिक या फंक बँडचा चाहता, चाहत्यांची पत्रं पाठवायचा ती वेड्यावाकड्या चित्रांनी भरलेल्या पाकिटांतून. बँडचा म्होरक्या जॉर्ज क्लिंटनने ती पाहिली, बोलावलं, आणि 1973 पासून त्या बँडचं अख्खं विश्व, परग्रहावरची माणसं, दात काढलेली यंत्रं, त्याने साध्या मार्करने उभं केलं. वेष्टनावरचा मजकूरही तोच लिहायचा, स्वतःच बनवलेल्या शब्दांत. त्या काळी रेकॉर्ड घेतलेली पोरं ती ऐकता ऐकता तासन्‌तास ते वेष्टन वाचत बसायची, कारण बघून संपायचंच नाही. पुढे त्याची दृष्टी गेली. हलाखीतच दिवस काढले. 2019 मध्ये तो गेला. वाजवणाऱ्याचे कान गेले तर त्याच्यावर लेख येतात. त्या लेखांसाठी चित्र काढणाऱ्याचे डोळे जातात तेव्हा फारसं काही हलत नाही.

क्रम्बकडे परत येते, कारण तो मला सोडत नाही. ज्या रॉक संगीताच्या वेष्टनाने त्याचं नाव घरोघरी गेलं, ते संगीत त्याला मुळात आवडत नव्हतं. रोलिंग स्टोन्सचं काम आलं तर त्याने नाही म्हटलं. त्याचा जीव होता तो 1920 च्या दशकातल्या चरचरणाऱ्या, मिनिटाला 78 फेरे घेणाऱ्या तबकड्यांवर. मग 1980 मध्ये त्याने जुन्या ब्लूज गायकांची 36 छोटी कार्डं केली, एकेकाचं व्यक्तिचित्र. त्यातल्या काहींचे फोटोही मिळायची मारामार. चार्ली पॅटनचा तर आख्ख्या जगात एकच फोटो. त्या कार्डांत क्रम्ब थट्टा करत नाही. नाकं मोठी करणारा माणूस तिथे हात आवरून बसलेला दिसतो, शिस्तीत, समोरच्याच्या कोटाच्या सुरकुत्या मोजत. मला मात्र उलटा अनुभव आहे आणि तो सांगायला जरा लाज वाटते. ज्या बँडचं संगीत मला सोसत नाही त्यांची माझी पोस्टरं जास्त चांगली झाली आहेत. चीड आली की रेघेला धार येते. ज्यांच्यावर जीव आहे त्यांना काढायला बसलं की हात मऊ पडतो, सगळे जरा जास्तच भले दिसायला लागतात. क्लॅरिनेटवाल्यांवर माझा जीव आहे. भुवया उडवायला मला दोन दिवस लागले होते आणि हात बघायचे राहून गेले.

वाजवणाऱ्याला चित्रात पकडायचं म्हणजे आवाज कसा दाखवायचा हा प्रश्न येतोच. हवेत तरंगणारी शेपटीवाली स्वरचिन्हं मी पहिल्याच वर्षी बंद केली. ती काढली की चित्रकाराने हात टेकले असं समजावं. आवाज दिसतो तो त्याच्या आसपास. पहिल्या रांगेतल्या बाईच्या कानातलं डुलणारं. ड्रमवाल्यामागच्या पडद्याची थरथर. दबक्या जागी, जिथे बासरी नुसता श्वास होते, तिथे खोकला दाबून लालबुंद झालेला माणूस. अशा जागी माझ्या पेन्सिलचा आवाजही मोठा होतो. शेजारचा मान वळवून बघतो, मी पेन्सिल हवेत धरून बसते. अंधारात कागद दिसत नसतो, रेघ एकमेकीवर चढते, घरी येऊन बघावं तर पियानोवाल्याच्या खांद्यातून डबल बेसची मान उगवलेली. पियानोवाल्याचे हात हवे असतील तर सभागृहाच्या डाव्या बाजूची खुर्ची धरावी लागते, उजवीकडून नुसतं डोकं दिसतं. ड्रमवाला कुठूनच दिसत नाही. घरी गेल्यावर बोटं धुतली तरी उजव्या करंगळीची बाहेरची कड काळी राहतेच. ती माझी ओळख झाली आहे, कार्यक्रमानंतर भेटणारे आधी तिकडे बघतात.

रेकॉर्डचं वेष्टन होतं साधारण 31 सेंटिमीटरचा चौकोन. त्यात आडव्या-उभ्या रेघांची जाळी विणायला जागा होती, कोपऱ्यात उंदीर लपवता यायचा. सीडी आली, 12 सेंटिमीटर, म्हणजे क्षेत्रफळ सहापटीहून कमी. रेघा एकमेकींत शिरल्या. आता फोनवर अंगठ्याच्या नखाएवढं चित्र, तेही बघायला कुणी थांबत नाही. नखावर भुवया काय उडवणार? मग आकृती ठसठशीत करायची, सावलीवरून माणूस ओळखू यावा अशी. चित्रकार जेमी ह्युलेटने गायक डेमन अल्बार्नबरोबर 1998 मध्ये गोरिलाझ हा बँड काढला तेव्हा त्याने ही लढाईच उलटवून टाकली. बँडच चित्रातला. सुरुवातीच्या कार्यक्रमांत वाजवणारी हाडामांसाची माणसं पडद्यामागे आणि पुढे पडद्यावर ह्युलेटची पात्रं. आयुष्यभर कोपऱ्यात सही करणाऱ्या आम्हा लोकांना हे ऐकून जे काही वाटलं त्याला सूड म्हणावं की भीती, मी अजून ठरवलेलं नाही. वाजवणारे हातच दिसले नाहीत तर मी जाऊन बसायचं कशासाठी?

जेरार्ड हॉफनुंगला ट्युबा वाजवता यायचा. बर्लिनचा, लहानपणी इंग्लंडला आलेला, 34 व्या वर्षी गेलेला व्यंगचित्रकार. त्याने वाद्यवृंदातल्या प्रत्येकाची टर उडवली आणि 1956 मध्ये लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये खरोखरची मैफल भरवली. तिच्यासाठी माल्कम अर्नोल्डने लिहिलेल्या रचनेत तीन व्हॅक्यूम क्लीनर, एक फरशी घासायचं यंत्र आणि चार बंदुका होत्या. हॉफनुंगची चित्रं बघताना हसू येतं आणि त्याच वेळी जाणवतं की ट्युबा मांडीवर किती जड पडतो हे या माणसाच्या मांडीला माहीत होतं. फोरमन बेस वाजवायचा, पुढे जॉन लेननबरोबरही. क्रम्बचा तर स्वतःचा जुन्या वळणाचा बँड होता. आणि मी? व्हायोलिनचा गज सोडल्यावर कुठलं वाद्य हातात धरलेलं नाही. एवढी वर्षं मी हात बघितले, पण खिडकीतून दुसऱ्याचं घर बघावं तसे.

शेवटी फोन केला. "पोस्टरवर तुमचे हात उलटे झालेत."

"हो, बघितलं की," ते म्हणाले. "मी घरी करून पण बघितलं. जमत नाही." आणि हसले. मग म्हणाले, "सरावाला ये शनिवारी."

पेटी उघडल्यावर आत पाच तुकडे असतात हे मी पहिल्यांदाच पाहिलं. मखमलीतल्या पाच खाचा, पाच तुकडे. त्यांनी रीड, म्हणजे मुखभागावर बसणारी वेताची पातळ पट्टी, ओठांत धरली, ओली व्हायला, आणि तशाच अवस्थेत तुकडे जोडत राहिले, त्यामुळे बोलणं सगळं नाकातून. जोडून झाल्यावर त्यांनी माझ्यासाठी जुना मुखभाग लावला आणि क्लॅरिनेट माझ्या हातात दिलं. मी घेतलं. त्यांनी माझ्या मनगटावर टिचकी मारली.

"डावा वर."

मी खाली बघितलं. काही न ठरवता माझा उजवा हात वर गेला होता. पोस्टरवरच्या माणसासारखा. दोघंही जरा वेळ काही बोललो नाही, मग ते इतके हसले की भुवया गेल्या वर. मी हात बदलले. सगळं वजन उजव्या अंगठ्यावर आलं, तिथे मागे एक छोटा आकडा असतो, त्याच्यावरच वाद्य तोललं जातं. त्यांनी स्वतःचा अंगठा दाखवला, सांध्यापाशी घट्टा पडलेला, पिवळट, गुळगुळीत. माझ्या चित्रात तो अंगठा वाद्यामागे लपलेला, म्हणून मी काढलेलाच नव्हता. फुंकलं. काही नाही. पुन्हा फुंकलं, तर दाराखाली सापडलेल्या मांजरासारखं काहीतरी निघालं. "आला, आला," ते म्हणाले, अगदी मनापासून.

"एक विचारू?" ते म्हणाले. "माझी करंगळी कुठे गेली?"

मला आधी कळलंच नाही. मग कळलं. व्यंगचित्रात हाताला चारच बोटं काढतात, जुनी रीत आहे, पाच काढली की पंजा केळ्याच्या फण्यासारखा दिसतो. मी ते सांगितलं. त्यांनी मान डोलावली आणि शांतपणे हिशेब मांडला. भोकं सात. डावा अंगठा आणि डावी तीन बोटं, उजवी तीन बोटं. म्हणजे चार बोटांच्या माणसालाही सातही झाकता येतील. "पण खालच्या टोकाच्या चाव्या करंगळ्यांच्या. तुझ्या माणसाचे सगळ्यात खालचे तीन सूर गेले." मग आपलं क्लॅरिनेट घेऊन त्यांनी ते तीन वाजवून दाखवले, एकेक करत खाली, शेवटचा तर ऐकू येण्याआधी लाकडी फरशीतून माझ्या तळव्यांना लागला.

घरी येऊन दिव्याखाली बघितलं. बोटांच्या पेरांवर भोकांच्या कडांची गोल वर्तुळं उमटली होती, उजव्या हातावर तीन, डाव्यावर तीन आणि अंगठ्यावर एक. ती विरायच्या आत काढून ठेवावीत म्हणून मी घाईघाईने वही ओढली, डावा हात समोर धरला, आणि पाच बोटं काढायला लागले. सवय नसल्याने पंजा केळ्याच्या फण्यासारखाच झाला. दुसरा काढला. तिसऱ्याला शाई ओली असतानाच पान उलटायला गेले आणि थांबले. रेघ ओढताना माझा सगळा उजवा हात कागदावर टेकलेला होता तो करंगळीवर. ती काळी झाली होती.